भुताचे डोहाळे

मला भुताच्या गोष्टी आवडतात. ‘लहानपणी आवडायच्या, आता सुटलं ते सगळं’ असली मखलाशी मी करणार नाही. आजही आवडतात आणि हे मी मान खाली घालून सांगत नाहीये. जळगावात एका खासगी लॅबमध्ये मी दिवसभर लोकांचं रक्त काढते. धडधाकट माणसं सुई बघून पांढरीफटक पडतात, मी त्यांना बोलण्यात गुंतवते आणि काम उरकते. या कामापायी तुला वाईट स्वप्नं पडत नाहीत का, असं मला आजवर कुणी विचारलेलं नाही. पण संध्याकाळी मेहरूणच्या घरी ज्वारी-उडदाच्या कळण्याच्या भाकरी थापताना कानात भुताची गोष्ट चालू आहे म्हटलं, की घरादाराच्या कपाळाला आठ्या पडतात.

का आवडतात, याचं उत्तर मला देता येत नाही आणि ते द्यावं असंही वाटत नाही. दिवसभर क्रिकेट बघणाऱ्या माझ्या नवऱ्याला कुणी कारण विचारत नाही. माहेरी, शिंदखेड्याला, दिवे गेले की माझी माय ओट्यावर बसून गल्लीतल्या पोरांना गोष्टी सांगायची. नेमकं भूत यायच्या जागी थांबून ती सावकाश पाणी प्यायची. तेव्हा पोटात जो गोळा यायचा, तो मला कुठल्याही मिठाईपेक्षा जास्त आवडायचा. पुढे टीव्ही आला, मग मोबाइल आला, पण गोळा तोच.

आता आमचा एक ऑनलाइन गट आहे. कुणी नागपूरचं, कुणी सांगलीचं, कुणी दुबईत नोकरी करणारं. खरी नावं कुणाला ठाऊक नाहीत. माझ्या नणंदेला वाटतं तिथे लिंबू-मिरची आणि कवट्या घेऊन लोक बसलेले असतात. खरं तर इतकी सभ्य माणसं मला आमच्या नात्यात सापडलेली नाहीत. गोष्ट टाकण्याआधी वर लिहायचं, ‘यात लहान मूल दगावतं, जपून वाचा.’ खऱ्या अपघाताचे, खऱ्या प्रेताचे फोटो टाकायला बंदी. कुणी टाकलाच तर दहा जण त्याच्यावर तुटून पडतात. आणि आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर? सकाळी गुलाबाचं फूल, दुपारी महामार्गावरच्या अपघाताचा व्हिडिओ, खाली ‘शेवटपर्यंत बघा आणि पुढे पाठवा’. तो पाठवणारा घरातला वडीलधारा, म्हणून सगळे हात जोडल्याचं चित्र टाकून मोकळे होतात.

असल्या गोष्टींतलं सगळंच मला चालतं असं नाही. मध्यंतरी एक रील फिरत होती. आठवडी बाजारातून चाललेली एक म्हातारी, केस मोकळे, पायात चप्पल नाही, आणि वर लिहिलेलं ‘खरी चुडैल सापडली’. तळपायाची आग मस्तकात गेली. त्या रीलखाली मी दोन दिवस भांडले. धुळ्याच्या पश्चिमेला पाड्यांवर एखाद्या बाईला डाकीण ठरवलं की तिचं पुढे काय होतं, हे आम्ही ऐकत मोठे झालो. गोष्टीतली चुडैल वेगळी आणि जितीजागती बाई वेगळी. हा फरक ज्याला कळत नाही त्याने भुताच्या गोष्टींच्या वाटेला जाऊ नये. पण हा फरक न कळणारी माणसं मला आमच्या गटापेक्षा घरातच जास्त भेटली.

लग्नानंतर दोन वर्षांनी मला दिवस गेले आणि चौथा लागायच्या आत ते गेलं. डॉक्टरीण बाई म्हणाल्या, कित्येकदा असं होतं, कारण सापडत नाही, तुझी काही चूक नाही. मी लॅबमध्ये काम करते, मला ते डोक्याने समजलं. मी दवाखान्यात खाटेवर पडलेली होते, हाताला सलाइन होतं. नणंद भेटायला आली. ती नवऱ्याची थोरली बहीण, आम्ही सगळे तिला अक्का म्हणतो. तिने संत्र्याची पिशवी ठेवली, माझ्या कपाळावरून हात फिरवला आणि अगदी मायेने म्हणाली, “अगं, पोटात लेकरू असताना ते असलं अभद्र बघत-ऐकत बसलीस. दुसरं काय होणार?”

दुष्टपणाने म्हणाली असती तर मी तिथल्या तिथे उत्तर दिलं असतं. पण तिच्या डोळ्यांत पाणी होतं. नवरा खिडकीपाशी उभा होता. सासूबाई संत्रं सोलत होत्या. दोघांतल्या एकानेही ‘असं नसतं गं’ म्हटलं नाही. ते वाक्य माझ्याबरोबर घरी आलं आणि राहायला लागलं.

त्यानंतरचे काही आठवडे येणारी-जाणारी माणसं मला एकच सांगायची. चांगला विचार कर, प्रसन्न राहा, झालं ते विसर. चहा यायच्या आत डोळे पुसून बसायचं, अशी आमच्याकडची रीत. मी दुपारी दार लावून भुताचे सिनेमे बघायचे. एका सिनेमात एक बाई होती, तिचं मूल गेलेलं. ती अशी किंचाळायची की घराच्या काचा फुटायच्या, आणि सिनेमातली सगळी माणसं तिला घाबरून असायची. कुणी तिला प्रसन्न राहा म्हणत नव्हतं. मी तो सिनेमा पुन्हा पुन्हा पाहिला. ज्याला कुणाला हे विकृत वाटत असेल, त्याला खुशाल वाटो.

वर्षाने पुन्हा दिवस गेले. आधीच सांगून टाकते, म्हणजे शेवटी कुणी हुश्श करून निकाल लावायला नको. मुलगी झाली, ठणठणीत आहे, आत्ता माझ्या चार्जरची वायर चघळते आहे. पण त्याने काही सिद्ध होत नाही. गोष्ट त्याच्या आधीची आहे.

बातमी कळली त्याच रविवारी अक्का आली आणि तिने माझा फोन हातात घेतला. त्यात तिने गर्भसंस्काराचं ॲप टाकून दिलं. सकाळी वीणा, दुपारी श्लोक, संध्याकाळी गुबगुबीत गोऱ्या बाळांचे फोटो. त्यातलं एकही बाळ आमच्या खानदेशातलं वाटत नव्हतं. मग ती आमच्या गटाचं ते चिन्ह शोधायला लागली, काढून टाकायला. मी फोन परत घेतला.

“नऊ महिन्यांचा तर प्रश्न आहे,” नवरा रात्री जेवताना म्हणाला. “सोड ना. माझ्यासाठी सोड. त्यात तुझं जातं काय?”

माझं काय जातं, हे त्याला कसं सांगावं मला कळेना. मी सोडलं आणि हे बाळ नीट आलं, तर पहिलं मीच घालवलं यावर कायमचा शिक्का बसणार. अक्का म्हणणार, बघ, सोडलं तर झालं ना नीट? आणि मीसुद्धा आयुष्यभर मनात तेच म्हणत राहणार. नाही सोडलं आणि काही वेडंवाकडं झालं, तर माणसं मला उभी जाळणार. दोन्हीकडून माझंच मरण. मग निदान जे खरं आहे त्या बाजूने उभं राहू, असं मी ठरवलं.

मी त्याला एवढंच म्हणाले, “नाही सोडणार.” तो दोन दिवस माझ्याशी कामापुरतं बोलला.

मायचा फोन आला, नेहमीसारखी मोठ्या आवाजात. “बेटी, तुले काय काय डोहाया लागी राह्यनात?”

चिंचा नकोत, आंबा नको, वांग्याचं भरीत तर समोरही नको झालं होतं. मी वैतागून म्हणाले, “माय, मला फक्त भुताचे सिनेमे बघावेसे वाटतात. दुसरं काहीच नाही.”

मला वाटलं आता हीसुद्धा पाढा वाचणार. “मन्हा जल्म गया, पन आसा डोहाया ऐकात नही,” ती म्हणाली. “पन डोहाया म्हणजे डोहाया शे. तो माराना नही, पोरना कान फुटस. तुनी सासूले सांग, पुराव म्हना.”

आमच्याकडे हे सगळे मानतात. गरवार बाईला जे मागावंसं वाटेल ते द्यायचं. कुणी मध्यरात्री रसवंती उघडायला लावतं, कुणी भिंतीची माती खातं, सगळं पुरवलं जातं. नाही पुरवलं तर बाळाचे कान फुटतात, असा समज. मी लॅबमधली बाई, माझा यावर काडीचा विश्वास नाही. पण अक्काचा होता. आणि तिचं शस्त्र तिच्यावरच उलटवायला मला कसलाही संकोच वाटला नाही.

पुढच्या रविवारी अक्का डिंकाचे लाडू घेऊन आली. सगळे बसलेले असताना तिने लाडाने विचारलं, “मग, डोहाळे कसले लागलेत आमच्या बाईला?”

“भुताचे,” मी म्हणाले. “भुताचा सिनेमा बघायचे. फार कडक लागलेत. पुरवणार ना, अक्का? नाहीतर बाळाचे कान...”

नवऱ्याला ठसका लागला. असले डोहाळे नसतातच म्हणावं, तर डोहाळे कसले लागावेत हे कुठे लिहून ठेवलेलं नाही. अक्काने मदतीसाठी आईकडे पाहिलं.

माझ्या सासूबाई फैजपूरकडच्या, केळीच्या बागा असलेल्या घरातल्या. सासरे गेल्यावर आमच्याकडे राहायला आल्या. बोलायला अतिशय कमी. त्या लसूण सोलत होत्या. हात न थांबवता म्हणाल्या, “लागले तं लागले. टीव्ही कोन्या चॅनलवर लावा लागते, सांग.”

दुसऱ्या दिवशी दुपारी त्या खरंच माझ्या शेजारी येऊन बसल्या. सुपात तुरीच्या शेंगा. मी मुद्दाम सौम्य सिनेमा लावला होता. त्यांनी पहिला अर्धा तास शेंगांवरून नजर वर केली नाही. मग एका प्रसंगात बाई एकटी तळघराकडे निघाली, तशा त्या ताठ बसल्या. “कायले दार उघडते व ही? घरी कामं नही का हिले?” भूत आलं तेव्हा त्यांनी माझा हात घट्ट धरला आणि सूप उलटं झालं. सगळ्या घरभर तुरीचे दाणे. आम्ही दोघी खाली बसून दाणे वेचत हसत होतो. माझ्या लग्नानंतर आम्ही दोघी एकत्र इतक्या कधी हसलो नव्हतो.

त्यांना चटकच लागली. जेवणं आवरली की विचारायच्या, “आज कोनतं?” आणि त्यांची भुताकडे बघायची रीत माझ्यापेक्षा निराळी होती. मी दचकायला बघायचे, त्या न्यायनिवाडा करायला बसायच्या. एकदा सिनेमा संपल्यावर म्हणाल्या, “ह्या बाईले जित्तेपनी कोनी इचारलं नही काय झालं म्हनून. मंग ती मेल्यावर वरडते. बरोबर आहे तिचं.” माझ्या गटातले लोक ज्यावर पानंच्या पानं लिहितात, ते त्यांनी शेंगा सोलता सोलता सांगून टाकलं. मी त्यांचं वाक्य गटात टाकलं. दुबईवाल्याने विचारलं, या कोण? मी लिहिलं, माझ्या सासूबाई. मला फार अभिमान वाटला.

सातव्या महिन्यात एका सकाळी रक्ताचे डाग दिसले.

दिवसभर दुसऱ्यांचं रक्त हाताळणारी मी, ते दोन डाग बघून मटकन खाली बसले. सोनोग्राफी झाली. वार जरा खाली आहे, बाळ ठीक आहे, पडून राहा, असं डॉक्टरीण बाई म्हणाल्या. घरी आले, पलंगावर पडले, आणि इतके दिवस न उघडलेलं ते ॲप उघडलं. दुपारभर वीणा ऐकली. खोटं कशाला बोलू? मी घाबरले होते. पोटावर हात ठेवून मी त्या बाळाला म्हणत होते, तू राहा, मी सगळं सोडते. अक्का म्हणते ते खरं असलं तरी चालेल, पण तू राहा. आयुष्यात मी इतकी कधी वाकले नव्हते. संध्याकाळी वीणा बंद केली तेव्हा मला स्वतःची भयंकर चीड आली. त्या रात्री सासूबाईंनी विचारलं नाही ‘आज कोनतं’ म्हणून, आणि मीही टीव्ही लावला नाही.

डोहाळजेवण फैजपूरला केळीच्या बागेत करायचं ठरलं होतं. दोन झाडांच्या ओळींमध्ये झोपाळा, फुलांचे दागिने, सगळं. प्रवास नको म्हणून ते मेहरूणच्या घरी दिवाणावरच करायचं ठरलं. अक्काने शेवंतीच्या वेण्या आणल्या, घरात निवडक बायका जमल्या. मायला शिंदखेड्याहून येता आलं नाही, तिने व्हिडिओ कॉलवर गाणं म्हटलं आणि नेटवर्क गेलं. ओटी भरली. पदरात खण, नारळ, गहू, फळं. अक्का माझ्यासमोर गुडघ्यावर बसली.

“आता एक कर,” ती म्हणाली. “या भरल्या ओटीवर हात ठेव आणि सगळ्यांसमोर शब्द दे. ते भुताखेताचं आजपासून बंद. त्या दिवशीचे डाग ही सूचना होती. एकदा आपल्या हाताने झालं, पुन्हा नको.”

आपल्या हाताने. जमलेल्या बायकांतल्या काहींना पहिल्याचं ठाऊकही नव्हतं, ते त्यांना आत्ता कळलं. ओटीवर हात ठेवला की सुटका होती. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या असत्या. आणि भरल्या ओटीवर दिलेला शब्द म्हणजे माझा कबुलीजबाब झाला असता, माझ्या मुलीच्या साक्षीने.

“नाही देणार,” मी म्हणाले.

“अगं, लेकरासाठी...”

“लेकरासाठीच नाही देणार. पहिलं माझ्या हाताने गेलेलं नाही. मी हात ठेवणार नाही, अक्का. ओटी काढून घ्यायची तर काढून घ्या.”

भरल्या ओटीच्या बाईने असं बोलावं, हे त्या घरात कुणी ऐकलं नसेल. एक म्हातारी “शिव शिव” म्हणाली. अक्का रडायला लागली. मलाही रडू येत होतं, पण मी ते गिळलं आणि तशीच बसून राहिले.

तेवढ्यात सासूबाई स्वयंपाकघराच्या दारातून आत आल्या. हाताला पुरणपोळीचं पीठ लागलेलं होतं. त्या अक्कासमोर उभ्या राहिल्या.

“तुह्या पाठीवर एक व्हता,” त्या म्हणाल्या. “तुह्या भावाच्या आधी. पुऱ्या दिवसाचा. जलमला आनि रडलाच नही.”

अक्का बघतच राहिली. तिला हे माहीत नव्हतं. माझ्या नवऱ्यालाही माहीत नव्हतं, हे मी नंतर विचारून घेतलं.

“तवा आमच्या घरी टीव्ही नव्हता. मी रोज पोथी आयके. कोनाचं भांडन कानावर येऊ दे नही. बठ्ठं सांगतलं तसं केलं. एक दिस मजूर आला नही, केयीचा घड पिकाले आलेला, म्हनून मी इया घेतला आनि कापला. गरवार बाईनं घड कापू नये म्हनतात. केय एकदाच येते, घड गेला का झाडबी जाते. मंग पोरगा गेला तं बठ्ठे म्हनले, हिनं घड कापला म्हनून गेला. तुह्या आजीनं म्हनलं. तुह्या बापानंबी म्हनलं.” त्यांनी हात पदराला पुसले. “मी तवापासून बागेत पाय नही ठेवला.”

मी त्यांना फैजपूरला कितीदा बांधावर बसलेलं पाहिलं होतं. गुडघे दुखतात, म्हणायच्या. आम्ही सगळ्यांनी ते खरं मानलं होतं.

मग त्या माझ्याकडे वळल्या. दिवाणाच्या कडेवर बसल्या, अगदी जवळ. इतक्या बायका समोर असताना त्यांचा आवाज एकदम बारीक झाला, एखाद्या लहान मुलीने रागावणाऱ्या मोठ्या माणसाला विचारावं तसा.

“तू रक्ताबिक्ताचं शिकेल आहे. तू खोटं नही बोलत. सांग मले. त्या घडानं गेलं का व ते?”

चाळीस वर्षं ही बाई उत्तरासाठी थांबली होती आणि तिला विचारायला कुणी मिळालं नव्हतं. मी त्यांचे पिठाचे हात हातात घेतले.

“नाही, आई,” मी म्हणाले. “घडाने नाही गेलं. तुमच्यामुळे नाही गेलं.”

त्यांनी माझ्या तोंडाकडे बराच वेळ पाहिलं, मी खोटं तर बोलत नाही ना, हे तपासत असल्यासारखं. मग मान हलवली.

“मंग तुह्यानंबी नही गेलं,” त्या म्हणाल्या.

दीड वर्षात हे वाक्य मला घरातलं कुणीच म्हटलं नव्हतं. इतकी भांडले, पण मी स्वतःही स्वतःला म्हटलं नव्हतं.